‘ममी मा’चे डोळे : एका जर्मन मूकपटाचें परीक्षण

या त्रैमासिकांत सनदा, महजर, ताम्रपट, बखरी आणि पोथ्या यांखेरीज अन्य वस्तूंचें परीक्षण सहसा येत नाहीं. आणि येऊं नये असेंच आमचें आजवरचें मत होतें. तेव्हां आम्हीच एका चित्रपटाचें परीक्षण घेऊन पुढें यावें, याचें कांहीं वाचकांस नवल वाटेल आणि कांहींस तो वयाचा परिणाम वाटेल. त्यांस आमची विनंती इतकीच कीं, हा पट शंभर वर्षांहून जुना आहे, त्याच्या पिढींतील बहुतेक पट आज नष्ट झालेले आहेत, आणि त्याचा खरा विषय बनावट प्राचीन वस्तु हा आहे. एवढ्यावरून तो आपल्या कक्षेंत येतो असें आम्हांस वाटतें.

सोलापुरास सात रस्त्याजवळ आमचे एक जुने विद्यार्थी राहतात. शाळेंत असतांना त्यांचें संस्कृत बेताचेंच होतें. परंतु जुन्या चित्रपटांविषयीं त्यांचा व्यासंग असा कीं, आपल्या मंडळींतील एखाद्या संग्राहकास त्यानें लाजवावें. गेल्या पावसाळ्यांत एका रात्रीं त्यांनीं आम्हांस जेवावयास बोलाविलें आणि पानें उचलल्यावर म्हणाले, “सर, तुम्ही वर्गांत आम्हांला वेताळाच्या गोष्टी सांगत होतां. आज जर्मन वेताळ बघा.” भिंतीवर एक पांढरी चादर ताणली गेली (सोलापुरी नव्हे, तिच्या नक्षीपुढें कोणताहि वेताळ टिकला नसता), दिवे मालविले गेले, आणि सुमारें तासभर आम्ही तो पट पाहिला. पटाबरोबर अलीकडे कोणीं बसविलेलें पियानोवादन होतें, तें आम्हीं बंद करावयास लाविलें. मूळ प्रतींत जें नाहीं तें संपादकानें घालूं नये, हा आमचा जुना हट्ट. त्यावर विद्यार्थी नम्रपणें म्हणाले कीं, मूकपट कधींच मुका दाखवीत नसत. पडद्याखालीं वाजंत्री बसलेली असे, आणि वाद्यांवांचून पाहणें हाच पाठभेद आहे. त्यांचें म्हणणें खरें होतें. म्हणून दुसरे दिवशीं तोच पट आम्हीं वाद्यासह पुन्हा पाहिला. पुढें जें लिहिलें आहे तें या दोन्ही वाचनांवरून.

पटाचें नांव ‘डी आउगेन डेर मूमी मा’, म्हणजे ‘ममी मा हिचे डोळे’. दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिच. पुढें अमेरिकेंत जाऊन विनोदी पटांसाठीं जो विख्यात झाला तोच हा. मुख्य भूमिका पोला नेग्री, एमिल यानिंग्स आणि हॅरी लीड्टके यांच्या. बर्लिन येथें ३ ऑक्टोबर १९१८ रोजीं तो प्रथम दाखविण्यांत आला. ही तारीख वाचकांनीं ध्यानांत ठेवावी. पुढें तिचें काम पडणार आहे.

कथानक थोडक्यांत असें. वेंडलांड नांवाचा एक तरुण चित्रकार मिसर देशांत हिंडावयास गेला असतां त्यास राणी मा हिच्या थडग्याविषयीं समजतें. जो जो तें पाहावयास गेला त्याचें कांहीं तरी वाईट झालें अशी वदंता असते. एक गृहस्थ तर तेव्हांपासून भ्रमिष्ट होऊन, ते डोळे जिवंत आहेत, असें बरळत असतो. चित्रकार अर्थातच तेथें जातो. थडग्याचा राखणदार रादू त्यास आंत नेतो. अंधारांत दगडी मुखवट्याचे डोळे उघडतात. परंतु हा पाहुणा भीत नाहीं. तो रादूस बाजूस लोटून भिंतीमागें शिरतो, आणि तेथें त्यास ममी सांपडत नाहीं. एक जिवंत मुलगी सांपडते. रादूनें तिला पळवून आणून तेथें कोंडलेलें असतें, आणि मुखवट्याआडून डोळे उघडणें हेंच तिचें काम असतें. चित्रकार तिला सोडवून युरोपांत नेतो. तेथें तिचें नृत्य गाजतें, तिचें चित्र रंगविलें जातें. इकडे वाळवंटांत मरावयास टेकलेला रादू एका जर्मन सरदाराच्या हातीं लागतो आणि त्याचा चाकर होऊन त्याच देशांत येऊन पोंचतो. शेवटीं तो तिला गांठतो आणि दोघांचाहि अंत होतो.

म्हणजे ज्या पटाच्या नांवांतच ममी आहे त्या पटांत ममी नाहीं.

याउलट ज्यांत ममी खरोखर उठते असे पट त्याच्या आधीं झाले होते. फ्रान्सचा मेलिएस यानें १८९९ सालींच क्लिओपात्राची ममी उठविली. अमेरिकेंतील थॅनहाउसर मंडळीनें १९११ सालीं ‘द ममी’ नांवाचा पट काढला. त्यांत विजेच्या तारेचा स्पर्श होऊन ममी जिवंत होते. हे दोन्ही पट आज उपलब्ध नाहींत. खऱ्या ममी गेल्या आणि खोटी तेवढी उरली. संग्राहकांस या प्रकाराची ओळख करून देण्याची गरज नाहीं.

आतां ती तारीख. ममीचा शाप, थडगें उघडणारांचे मृत्यु, हें सर्व तूतांखामेनपासून सुरू झालें अशी समजूत आपल्याकडे सुशिक्षितांतहि आहे. तें थडगें हॉवर्ड कार्टर यास १९२२ च्या नोव्हेंबरांत सांपडलें, आणि त्याचा आश्रयदाता लॉर्ड कार्नार्व्हन ५ एप्रिल १९२३ रोजीं वारला. वर्तमानपत्रांनीं शापाची आवई उठविली ती यानंतर. बर्लिनच्या प्रेक्षकांनीं मात्र तिचीच गोष्ट चार वर्षांहून अधिक काळ आधीं पाहून ठेवली होती. ममी उठण्याची कल्पना तर त्याहून फारच जुनी. जेन वेब नांवाच्या इंग्रज तरुणीनें १८२७ सालीं तिची कादंबरी केली, आणि कॉनन डॉयल यानें १८९२ सालीं कथा केली. तेव्हां शाप कार्टरनें उकरून काढला नाहीं. तो त्याची वाट पाहत बसलेला होता.

तारखेचा दुसरा उपयोग असा. १९१४ च्या डिसेंबरांत इंग्रजांनीं मिसर देश आपल्या संरक्षणाखालीं घेतल्याचें जाहीर केलें होतें. महायुद्ध चालूं असतां कोणीहि जर्मन दिग्दर्शक तेथें पाऊल टाकूं शकत नव्हता. लुबिचचें वाळवंट म्हणजे बर्लिनजवळच्या रूडर्सडोर्फ येथील चुनखडीच्या खाणी. हें कळल्यावर पट दुसऱ्यानें पाहतांना आमचें लक्ष पात्रांवरून उडून पायांखालच्या भूमीकडे जाऊं लागलें. ती वाळू नव्हे. डोंगर कापलेला दिसतो. अस्सल सनदेंत जसा कागदाचा जलचिन्हांकित कोंपरा बोलतो तसा येथें पार्श्वभूमींतील दगड बोलतो, आणि तो सांगतो कीं हें लेखन ब्रांडेनबुर्ग प्रांतीं झालें आहे.

अभिनवगुप्तानें रसास्वादाचीं जीं सात विघ्नें सांगितलीं त्यांत संभावनाविरह हें पहिलें. जें घडूं शकेल असें वाटतच नाहीं त्यांत प्रेक्षकाचें मन बुडत नाहीं. त्यावर त्यानेंच उपाय सांगितला आहे : लोकोत्तर गोष्ट दाखवावयाची असेल तर रामादिकांसारख्या प्रख्यात पुरुषांचा आश्रय करावा, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या रुजलेली श्रद्धाच तें काम करते. आपल्याकडील पहिल्या पटकर्त्यास हें कोणीं शिकवावें लागलें नाहीं. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजीं मुंबईस कॉरोनेशन थिएटरांत लागला. त्यांत मेलेला रोहिदास उठतो, तेव्हां हें कसें घडलें असें एकाहि प्रेक्षकानें विचारलें नसेल. तो उठणार हें सर्वांस आजीच्या मांडीवरच कळलेलें होतें. पुढील वर्षीं फाळक्यांनीं सत्यवानास उठविलें. तेथेंहि तेंच. लुबिचला हा आधार नव्हता. राणी मा कोणास ठाऊक नव्हती, कारण ती नव्हतीच. म्हणून त्यानें भयाचा भार राणीवरून काढून निव्वळ डोळ्यांवर ठेवला, आणि येथें मात्र त्यानें बाजी मारली असें आम्हांस प्रांजलपणें म्हणावें लागतें.

नाट्यशास्त्राच्या आठव्या अध्यायांत भरतानें छत्तीस दृष्टि सांगितल्या आहेत; त्यांपैकीं आठ रसदृष्टि. भयानका दृष्टि तींत येते : पापण्या वर ताणलेल्या व निश्चल, बुबुळें चमकणारीं व चळलेलीं. चाळीस वर्षें आम्हीं हें लक्षण वर्गांत सांगितलें. मुलांस डोळे वटारून दाखवितांना हंशाच अधिक झाला. पोला नेग्रीच्या मुखावर तें लक्षण आम्हांस प्रथमच साक्षात् दिसलें. मुखवट्याच्या खोबणींत डोळे उघडतात तो क्षण दोन-चार पळांचा आहे. पापणी हलते, आणि दगड पाहूं लागतो. रात्रीं घरीं परततांना आम्ही नेहमींच्या वाटेनें न जातां दिव्याच्या वाटेनें गेलों, एवढें कबूल करण्यास हरकत नाहीं. यानिंग्सचें तसें नाहीं. १९२९ सालीं अमेरिकेंत उत्कृष्ट नटाचें पहिलें पारितोषिक ज्यास मिळालें त्या नटानें येथें तोंडास रंग फांसून, डोळे फिरवून, दांत दाखवून अरब उभा केला आहे. अरबाचें त्यांत कांहीं नाहीं. जर्मन प्रेक्षकास अरबाविषयीं जी भीति होती तिचेंच तें सोंग आहे.

लुबिचला जें ठाऊक असण्याचा संभव कमी, तें असें कीं डोळ्यांविषयीं त्याची कल्पना मिसरी धर्माच्या फार जवळ गेली आहे. तेथील मध्यराज्याच्या काळीं शवपेट्या चौकोनी लांबट असत. प्रेत डाव्या कुशीवर, उत्तरेकडे डोकें व पूर्वेकडे तोंड करून ठेवीत, आणि पेटीच्या पूर्वेकडील फळीवर नेमक्या तोंडासमोर दोन डोळे रंगवीत. मृतास त्यांतून उगवतीकडे पाहतां यावें हा हेतु. शिवाय ममीच्या मुखास व नेत्रांस हत्यार लावून ते उघडण्याचा एक विधि होता. मूर्तींसहि तोच विधि करीत. आपल्याकडे प्राणप्रतिष्ठेच्या वेळीं सुवर्णशलाकेनें नेत्रोन्मीलन करितात तें येथें कोणासहि आठवेल. दोहोंत देवाणघेवाण झाली असें आम्ही मुळींच म्हणत नाहीं. साम्य दिसलें कीं संबंध जोडावयाचा, हा रोग आपल्या क्षेत्रांत पुरेसा पसरलेला आहे. पण भेद सांगितला पाहिजे. मिसरी मनुष्यानें डोळे उघडले ते मृतास पाहतां यावें म्हणून, आणि आपण उघडतों ते देवानें आपणांस पाहावें म्हणून. थडग्यांतील डोळे उघडले म्हणजे पाहणारानें वेडें व्हावें, ही कल्पना या दोहोंपैकीं कोणाचीच नव्हे. ती ज्यानें थडगें फोडलें त्याच्या मनांतली आहे.

राणीच्या नांवाविषयीं दोन शब्द. ‘मा’ ही मिसरच्या कोणत्याहि राजावळींत राणी म्हणून आढळत नाहीं. संस्कृतज्ञास मात्र हें अक्षर पाहतांच हंसूं येईल. ‘मा’ म्हणजे लक्ष्मी हें खरें, परंतु त्याआधीं ‘मा’ हें निषेधाचें अव्यय. थडग्याच्या दारावर याहून समर्पक शब्द दुसरा कोणता? गंमत जाऊं द्या. या नांवावर आम्हीं तोंडसुख घेणार होतों, इतक्यांत हैदराबादची आठवण झाली. तेथील राज्य संग्रहालयांत एका तरुणीची ममी आहे. ती निझाम मीर उस्मान अली खान यांनीं १९३० सालीं संग्रहालयास दिली. ती सहाव्या फॅरोची कन्या नैशू, असें सर्वत्र सांगितलें जातें. आणि त्याच दमांत ती अडीच हजार वर्षांपूर्वींची असेंहि सांगितलें जातें. पहिल्या राजापासून मोजलें तर सहावा फॅरो आजच्या पूर्वीं चार हजार आठशें वर्षांच्याहि पलीकडे जातो. बाप आणि लेक यांत दोन हजार वर्षांहून अधिक अंतर पडतें. राजकन्या म्हटल्याशिवाय पाहुण्यास समाधान नाहीं, म्हणून कोणीं तरी तिला राजकन्या केली असावी. ती बिचारी कोणाची तरी मुलगी होती, इतकें पुरेसें नव्हतें काय? सयाजीराव गायकवाड यांच्या काळीं बडोद्याच्या संग्रहालयांत आलेली ममीहि स्त्रीचीच आहे. ती आम्हीं विद्यार्थिदशेंत पाहिली. तेव्हां कांचेवर नाक टेंकून भूत शोधणाऱ्यांत आम्हीहि होतों.

ममी हा शब्दहि असाच भटकून आलेला. फारसी ‘मोम’ म्हणजे मेण. त्यावरून ‘मूमिया’ म्हणजे डांबरासारखें एक औषधी द्रव्य. तें ममींत असतें अशा समजुतीनें युरोपांत कित्येक शतकें ममी कुटून तिचें चूर्ण विकीत. आपल्याकडे ‘मोमियाई’ आली ती आणखी भयंकर वेषांत : जिवंत मनुष्यास उलटें टांगून त्याची चरबी काढणारे लोक फिरतात, अशी आवई हिंदुस्थानांत पुष्कळ ठिकाणीं होती, आणि विल्यम क्रूक यानें १८९६ सालच्या आपल्या लोकसमजुतींच्या ग्रंथांत तिची नोंद केली आहे. आमची आजीहि संध्याकाळीं बाहेर राहणाऱ्या मुलांस याच लोकांचा धाक घाली. चित्रकार लोक तर ममी कुटून तपकिरी रंग करीत. इंग्रज चित्रकार बर्न-जोन्स यास हें कळलें तेव्हां त्यानें आपल्याजवळची त्या रंगाची नळी बागेंत नेऊन पुरली. त्या वेळीं लहानगा किपलिंग, ज्याचा जन्म मुंबईचा, तेथें हजर होता. या पटाचा नायक चित्रकारच आहे. त्याच्या रंगाच्या पेटींत कोणता तपकिरी रंग होता, हें विचारण्याचें लुबिचला सुचलें नाहीं. सुचतें तर पट निराळा झाला असता.

आणखी एक गोष्ट सोलापुरकर म्हणून. मिसरच्या ममी हिंदुस्थानच्या मलमलींत गुंडाळीत, हें वाक्य कापडाच्या इतिहासावरील प्रत्येक व्याख्यानांत ऐकूं येतें. जेम्स टॉमसन यानें १८३४ सालीं प्रसिद्ध केलेल्या निबंधांत सूक्ष्मदर्शकाच्या आधारें दाखविलें कीं तें कापड सुती नसून जवसाच्या तंतूंचें आहे. आपल्या ग्रंथांत ज्यास क्षौम म्हणतात तें. जेथें हातमाग आणि गिरण्या दोन्ही नांदल्या त्या गांवानें तरी हें वाक्य सोडून द्यावें.

विद्यार्थ्यांनीं वेताळाचें नांव काढलें होतें, त्याकडे वळूं. वेताळपंचविशी सोमदेवाच्या कथासरित्सागरांत आली आहे, तशीच शिवदास व जंभलदत्त यांच्या स्वतंत्र पाठांतहि आहे. तींत राजा खांद्यावर प्रेत वाहतो आणि प्रेत बोलतें, हें पोरासहि ठाऊक आहे. पण बोलतो तो मेलेला मनुष्य नव्हे. मेलेला मेलेलाच आहे. त्याच्या आंत शिरलेला दुसराच कोणी बोलतो. आणि राजास खरा धोका त्या प्रेतापासून नाहीं, वेताळापासूनहि नाहीं. ज्या भिक्षूनें त्यास प्रेत आणावयास पाठविलें त्याच्यापासून आहे. वेताळ तर शेवटीं राजास सावधच करतो. हा सांगाडा या जर्मन पटावर ठेवून पाहिला तर तो आश्चर्यकारक रीतीनें बसतो. मुखवट्याआड दुसरेंच कोणी आहे. तें मेलेलें नाहीं. आणि भ्यावयाचें तें दारांत दिवा घेऊन उभ्या असलेल्या रादूस. फरक इतकाच कीं आपल्या कथेंत वेताळास वाचा आहे. तो प्रश्नामागून प्रश्न विचारतो, राजाची परीक्षा घेतो. भिंतीमागच्या या मुलीस डोळ्यांखेरीज कांहींच दिलेलें नाहीं. पटांत तिला राणीहून निराळें नांवहि नाहीं. थडग्यांतून सुटल्यावरहि ती ‘मा’च राहते. मिसरांत ती डोळे उघडीत होती, युरोपांत नाचूं लागली. तिकीट काढून पाहणारे लोक तेच. तिला सोडविणारा तिला पळविणाऱ्याहून चांगला आहे यांत शंका नाहीं, परंतु तिनें स्वतः कोठें जावयाचें तें कोणीच विचारीत नाहीं. लुबिचला हें दिसलें होतें काय? दुसऱ्या वाचनानंतरहि आमचा निर्णय होत नाहीं. विद्यार्थी म्हणतात, दिसलें होतें. आम्हांस वाटतें, नटीस दिसलें होतें.

वेताळाच्या त्याच मालिकेंत मंदारवतीची कथा आहे. तिच्या तीन वरांपैकीं एक जण एका घरीं अतिथि असतांना, जळून राख झालेलें मूल यजमान पोथींतील मंत्रानें उठवितो तें पाहतो, आणि रात्रीं ती पोथी घेऊन निघून जातो. आमच्या माहितींतला हा पहिला पोथीचोर. हेतु उदात्त होता, नेहमींच असतो.

रादूकडे आपल्या मंडळींनीं थोडें लक्षपूर्वक पाहावें अशी आमची इच्छा आहे. तो खुनशी प्रेमिक आहे हा भाग नाटकी आहे, तो सोडावा. परंतु त्याच्याजवळ जुनी वस्तु आहे, गिऱ्हाइकास काय पाहिजे हें त्यास नेमकें कळतें, आणि तेवढेंच तो दाखवितो. अंधारांत, दूरून, क्षणभर. ज्यानें ज्यानें जुन्या बाजारांत ताम्रपट पाहिले आहेत त्यास हा मनुष्य भेटलेला आहे. फ्लीट यानें १९०१ सालीं ‘इंडियन अँटिक्वेरी’ मध्यें बनावट लेखांची यादी दिली ती पाहावी. जुन्या लोकांनींहि आपल्या काळीं राण्या मा निर्माण केल्या होत्या. आणि गिऱ्हाईक? तें तर आपण होऊन डोळे मिटतें. भ्रमिष्ट झालेला तो गृहस्थ आम्हांस पटांतील सर्वांत खरा वाटला. त्यास कोणीं फसविलें नाहीं. डोळे जिवंत आहेत असें तो म्हणतो, आणि ते जिवंतच होते. चूक एवढीच झाली कीं, जिवंत डोळ्यांस जिवंत मनुष्य लागतें हा विचार न करतां तो पळाला.

येथें आमचीहि एक गोष्ट सांगणें भाग आहे. मिसरांत टॉलेमी राजांच्या काळीं ममीचीं आवरणें रद्दी पपायरस एकमेकांस चिकटवून करीत. पेट्री यास गुरोब येथें मिळालेल्या अशा आवरणांतून १८९० च्या सुमारास प्लेटोच्या ‘फेडो’चीं आणि युरिपिडीसच्या एरव्हीं नष्ट झालेल्या ‘अँटिओपी’ नाटकाचीं पानें निघालीं. पोसिडिप्पस कवीचीं शंभरांहून अधिक मुक्तकें अशाच आवरणांतून निघून २००१ सालीं प्रसिद्ध झालीं. पेट्रीचा वृत्तांत आम्हीं तरुणपणीं वाचला आणि त्यानें आमचें डोकें फिरलें. पुढें एका भिक्षुकाच्या घरून आम्हांस भागवताची एक पोथी मिळाली. तिचे पुठ्ठे कागदावर कागद चिकटवून केलेले, वरील पुठ्ठ्यावर गणपतीचें चित्र. रंग थोडे उडालेले, परंतु रेषा ठसठशीत. कडेच्या फटींतून मोडी अक्षरें दिसत होतीं. आम्हीं तो पुठ्ठा परातींत पाण्यांत घातला. सकाळपर्यंत गणपति विरघळून गेला. आंतून जे कागद निघाले ते एका दुकानाचे उधारीचे तुकडे. तूप, गूळ, दोर. त्यांचीं अक्षरेंहि वाळतांना पुसट झालीं. भिक्षुकबुवा पोथी परत न्यावयास आले तेव्हां त्यांनीं पुठ्ठ्याविषयीं विचारलें, आणि तो आधींच नव्हता असें आम्हीं सांगितलें. अजिंठ्याच्या भिंतींवरून आकृति खरवडून नेऊं पाहणाऱ्या डॉ. बर्डचें नांव आम्हीं पुढें कित्येक वर्षें वर्गांत तिरस्कारानें घेतलें. चादरीवर तो दगडी मुखवटा पाहतांना आम्हांस प्रथम गणपतीचा पुठ्ठा दिसला, म्हणून हें लिहिलें.

मिसरची ही गत करून जर्मन पटकर्ते थांबले नाहींत. योए माय यानें १९२१ सालीं ‘डास इंडिशे ग्राबमाल’, म्हणजे ‘हिंदी थडगें’, हा दोन भागांचा पट काढला. मूळ कादंबरी थेआ फॉन हार्बू हिची, आणि पटलेखनांत तिच्याबरोबर फ्रिट्झ लांग. त्याच्या आरंभींच जमिनींत गाडून घेतलेला एक योगी उकरून उठविला जातो; त्यास जो जागा करील त्याची इच्छा त्यानें पुरविलीच पाहिजे असा नियम. आपल्याकडील पुराणांत वा योगग्रंथांत असा नियम आम्हीं पाहिला नाहीं. म्हणजे ममी मिसरची संपली, तेव्हां आपला योगी ममी झाला. विस्मय असा कीं, हे पट ज्या शहरांत झाले त्याच देशांत १९०९ सालीं फाळके छपाईचें तंत्र शिकावयास गेले होते. त्यांनीं तेथून यंत्रविद्या आणली, आणि राजे स्वतःचे वापरले.

परंतु त्या राजांचें आपण काय केलें? ‘राजा हरिश्चंद्रा’चीं चार रिळें होतीं. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयांत त्यांपैकीं पहिलें आणि शेवटचें एवढींच आहेत. आणि तींहि १९१३ च्या पटाचीं कीं फाळक्यांनीं १९१७ सालीं पुन्हा केलेल्या पटाचीं, याविषयीं अभ्यासकांत वाद आहे. आद्य आणि अंत्य पत्रें उपलब्ध, मध्य खंडित, प्रत मूळ कीं उत्तरकालीन हें संदिग्ध : आपल्या परिचयाच्या भाषेंत बोलावयाचें तर स्थिति ही आहे. हिंदुस्थानांत तेराशेंहून अधिक मूकपट झाले. आज संपूर्ण वा खंडित असे तीसच्या आसपासच उरले आहेत. बाबूराव पेंटर यांच्या ‘सैरंध्री’तला (१९२०) कीचकवध इतका भयंकर होता कीं प्रेक्षकांस घेरी आल्याच्या हकीकती आहेत, तो प्रसंग सोलापुरच्या कोणा वृद्धानेंहि पाहिलेला आतां मिळणार नाहीं. लुबिचचा मध्यम प्रतीचा पट आम्हीं भिंतीवर दोनदां पाहिला. पेंटरांचा उत्तम पट पाहण्याचा उपाय नाहीं.

तेव्हां या निमित्तानें एक विनंती. आपल्या वाचकांपैकीं अनेकांच्या घरीं जुनीं दप्तरें आहेत. त्यांत तंबू-सिनेमाचीं हस्तपत्रकें, गाण्यांच्या व कथासारांच्या चोपड्या, तिकिटांचे तुकडे, खेळाच्या जाहिराती असल्यास रद्दीबरोबर देऊं नयेत. पत्रकावरील गांव, तारीख व थिएटरचें नांव उतरून मंडळाकडे पाठवावें. पत्र्याच्या गोल डब्यांतून प्रत्यक्ष फिल्म आढळल्यास ती उलगडूं नये, उन्हांत अथवा दिव्याजवळ नेऊं नये, आणि पुसण्यासाठीं पाण्यांत तर घालूंच नये. १९५० च्या सुमारापर्यंतची फिल्म पुष्कळदां नायट्रेटची असते आणि ती एकदां पेटली कीं पाण्यानेंहि विझत नाहीं. ८ जानेवारी २००३ रोजीं पुण्यास चित्रपट संस्थेच्या आवारांत लागलेल्या आगींत असाच मोठा सांठा गेला. डबा जसा असेल तसा थंड जागीं ठेवून आधीं कळवावें. आमचे विद्यार्थी सोलापूर व आसपासच्या तालुक्यांत स्वतः येऊन पाहण्यास तयार आहेत. आम्हीहि बरोबर येऊं, मात्र हात लावणार नाहीं.